विस्मृतीशी झुंजलेली बारा वर्षे

1985 च्या एप्रिल महिन्यात पॅरिसमध्ये एका चित्रपटाचा पहिला जाहीर खेळ झाला. फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष फ्रान्स्वा मितराँ त्याला जातीने उपस्थित होते. चित्रपटाची लांबी होती नऊ तास सव्वीस मिनिटे. त्यात नट नव्हते, पार्श्वसंगीत नव्हते. साठ लाख ज्यूंच्या संहारावरचा हा चित्रपट असूनही त्यात एकही प्रेत दाखविलेले नव्हते, की युद्धकाळातील जुन्या चित्रफितीचा एखादा तुकडाही वापरलेला नव्हता. वयस्क माणसे बोलत होती, आणि अधूनमधून पोलंडमधील रान, नदी आणि रेल्वेचे रूळ दिसत होते. ‘शोआ’ हे त्याचे नाव. या हिब्रू शब्दाचा अर्थ विध्वंस. चित्रपटाचे कर्ते क्लोद लांझमान यांना हिब्रू येत नव्हते. किंबहुना आपल्याला नीट न कळणारा शब्द म्हणूनच आपण तो निवडला, असे ते पुढे सांगत. जे घडले त्याला पूर्वीच्या कोणत्याही भाषेत नाव नव्हते, असा त्यांचा युक्तिवाद होता.

लांझमान यांचे नाव महाराष्ट्रातील सुशिक्षित कुटुंबांतही फारसे परिचयाचे नाही. यात नवल नाही. ज्यू म्हणजे आपल्या लेखी कोकणातील बेने इस्रायल. घाण्यावर तेल गाळणारे आणि शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून ते ‘शनिवार तेली’ झाले, मराठी बोलू लागले आणि गावगाड्यात मिसळून गेले. शेजारच्या माणसाचा तो केवळ ज्यू आहे म्हणून द्वेष करावा, ही कल्पनाच या भूमीला परकी. त्यामुळे युरोपात काय घडले हे आपण बहुधा पुस्तकांतून आणि 1993 च्या ‘शिंडलर्स लिस्ट’सारख्या हॉलिवूडपटांतून जाणले. त्यात एक उमदा नायक असतो, वाचलेली माणसे असतात आणि शेवटी प्रेक्षकाला थोडा दिलासा मिळतो. लांझमान यांनी स्पीलबर्गच्या त्या चित्रपटावर कठोर टीका केली, ती याच कारणासाठी. साठ लाख मेले, वाचणारे अपवाद होते. अपवादाची कथा सांगून नियमाचे सत्य कसे कळणार, हा त्यांचा प्रश्न होता.

हा माणूस कोणत्या मुशीतून घडला, हे पाहण्याजोगे आहे. 27 नोव्हेंबर 1925 रोजी पॅरिसजवळच्या बोआ-कोलोंब येथे त्यांचा जन्म झाला. आजी-आजोबा पूर्व युरोपातून आलेले ज्यू, पण घरात धर्माचरण जवळजवळ नव्हते. फ्रान्स जर्मनांच्या टाचेखाली आल्यावर वडिलांनी मुलांना एक विलक्षण कवायत शिकविली. मध्यरात्री उठवायचे, अंधारात आवाज न करता कपडे चढवायचे आणि बागेतील लपण्याच्या जागी पोहोचायचे. वडील हातात घड्याळ धरून वेळ मोजत. 1943 मध्ये क्लेर्मों-फेराँच्या शाळेत असताना, वयाची अठरा वर्षे पूर्ण होण्याच्या सुमारास, लांझमान प्रतिकार चळवळीत उतरले आणि पुढे ओव्हेर्न्य भागातील सशस्त्र गटांत सामील झाले. युद्ध संपल्यावर हाच तरुण शिकायला आणि शिकवायला गेला तो थेट जर्मनीत. 1948-49 मध्ये बर्लिनच्या नव्याने स्थापन झालेल्या मुक्त विद्यापीठात तो अध्यापन करीत होता, आणि जर्मन विद्यार्थ्यांसमोर ज्यूद्वेषाची चर्चा करीत होता.

1952 मध्ये ते ज्याँ-पॉल सार्त्र यांच्या ‘ले ताँ मॉदेर्न’ या नियतकालिकाच्या वर्तुळात आले. सिमोन द बोव्हार यांच्यासमवेत त्यांनी सात वर्षे सहजीवन व्यतीत केले. पुढे 1986 पासून अखेरपर्यंत ते या नियतकालिकाचे संचालक होते. म्हणजे युरोपीय डाव्या विचारविश्वाच्या अगदी गाभ्यातील हा माणूस. अल्जेरियाच्या स्वातंत्र्ययुद्धात फ्रेंच सैन्याच्या वर्तनाविरुद्ध 1960 मध्ये 121 विचारवंतांनी जे निवेदन काढले, त्यावर त्यांचीही स्वाक्षरी होती. वसाहतवादाला त्यांचा विरोध प्रामाणिक होता. परंतु ज्या वर्तुळात ते वावरत होते, त्या वर्तुळाने इस्रायलला एकदा ‘वसाहतवादी’ या खणात टाकून दिल्यावर पुढचा विचार करण्याचे कष्ट घेणे सोडले होते. लांझमान यांनी ते कष्ट सोडले नाहीत. 1952 मध्ये ते प्रथम इस्रायलला गेले. वृत्तपत्रासाठी लेखमाला लिहायची होती, ती झाली नाही. सार्त्र यांनी पुस्तक लिहायला सुचविले, तेही अर्धवट राहिले. जे पाहिले ते पचायला त्यांना वीस वर्षे लागली. 1973 मध्ये ‘पुर्कुआ इस्रायल’, म्हणजे ‘इस्रायल कशासाठी’, हा त्यांचा पहिला चित्रपट आला, तेव्हा ते 47 वर्षांचे होते. नावापुढे प्रश्नचिन्ह नाही, हे ध्यानात घेण्याजोगे. तो प्रश्न नव्हता, उत्तर होते.

याच सुमारास इस्रायलच्या परराष्ट्र मंत्रालयातील एका अधिकाऱ्याने त्यांच्यापुढे प्रस्ताव ठेवला. ज्यूंच्या संहारावर, तो ज्यूंच्या डोळ्यांनी पाहणारा चित्रपट करावा. दोन तासांचा चित्रपट, दीड वर्षाची मुदत. लांझमान यांनी होकार दिला आणि ते कामात बुडाले. दीड वर्षे गेली, तीन गेली, पाच गेली. इस्रायलचा पैसा आटला. अमेरिकेत ते मदत मागायला गेले. धनिक ज्यूंनी विचारले, ‘या चित्रपटाचा संदेश काय?’ लांझमान यांच्याजवळ उत्तर नव्हते, आणि त्यामुळे अमेरिकेतून एक डॉलरही मिळाला नाही, असे त्यांनीच नोंदवून ठेवले आहे. संदेश तयार असता तर चित्रपट करण्याचे कारणच उरले नसते. पुढे फ्रान्स सरकारचे साहाय्य लाभले आणि काम तडीस गेले. दोनशे तासांहून कितीतरी अधिक चित्रीकरण झाले होते. झिवा पोस्टेक या संकलिकेसह नुसत्या संकलनात सुमारे पाच वर्षे गेली. एकूण बारा वर्षे. आपल्याकडे चार दिवसांत चित्रीकरण आटोपून, हुंदक्याखाली व्हायोलिन लावून ‘सत्य घटना’ प्रक्षेपित करणाऱ्यांनी या आकड्याकडे एकदा तरी पाहावे.

लांझमान यांचे वेगळेपण नेमके कशात होते? ‘असे का घडले’ हा प्रश्न त्यांनी बाजूला ठेवला. त्या प्रश्नाला मानसशास्त्राची, अर्थशास्त्राची, हिटलरच्या बालपणाची शेकडो उत्तरे देता येतात, आणि प्रत्येक उत्तराने घडलेली गोष्ट थोडी समजण्याजोगी, म्हणून थोडी क्षम्य वाटू लागते. लांझमान यांनी विचारले ते ‘कसे घडले’. गाडी फलाटावर किती वेळ थांबे? डबे किती? दरवाजा कोण उघडी? थंडी होती का? न्हाव्याच्या हातात कात्री होती की यंत्र? चित्रपटातील एकमेव इतिहासकार राऊल हिलबर्ग याच जातकुळीचे. मोठ्या प्रश्नांपासून आरंभ केला तर उत्तरे क्षुद्र मिळतात, म्हणून आपण तपशिलापासून निघतो, अशा आशयाचे ते पडद्यावर बोलतात.

आणि मग ते हातात एक कागद घेतात. जर्मन रेल्वेचा तो साधा वेळापत्रक-आदेश आहे. अमुक क्रमांकाची गाडी, इतके डबे, अमुक स्थानकावरून ट्रेब्लिंकाकडे. तीच गाडी परत, रिकामी. हिलबर्ग पुढे भाड्याचा हिशेब सांगतात. ज्यूंना मृत्युछावणीत नेण्याचे भाडे रेल्वे रीतसर आकारीत असे, तेही तिसऱ्या वर्गाचे, दर किलोमीटरमागे. दहा वर्षांखालील मुलांना अर्धे तिकीट, चार वर्षांखालील मुलांना माफ. चारशेहून अधिक माणसांचा गट असेल तर सहलीच्या गटाला मिळते तशी सवलत. पहारेकऱ्यांचे तिकीट जाऊन-येऊन, ज्यूंचे फक्त जाण्याचे. हिशेब पाहणारी संस्था सुट्टीतील प्रवाशांच्या सहली काढणारीच होती. आणि पैसा कुठून येई, तर ज्यूंच्याच जप्त केलेल्या मालमत्तेतून. हजार भाषणांनी जे उमगत नाही, ते या अर्ध्या तिकिटाने उमगते. या कामासाठी राक्षस लागले नाहीत. वक्तशीर कारकून पुरले. या गाड्यांची वेळापत्रके सांभाळणारा वाल्टर श्टीअर हा रेल्वे अधिकारीही चित्रपटात भेटतो. तो सांगतो, आपण टेबलापाशी बसून काम करीत होतो, गाड्यांत काय होते ते ठाऊक नव्हते.

1978 मध्ये लांझमान प्रथमच पोलंडला गेले. ओसाड भूमीत काय पाहायचे, म्हणून त्यांनी तोवर टाळाटाळ केली होती. रस्त्याच्या कडेला त्यांना ‘ट्रेब्लिंका’ अशी पाटी दिसली आणि ते हादरले. ते नाव त्यांच्या मनात दंतकथेसारखे होते, प्रत्यक्षात तिथे स्थानक होते, घरे होती, माणसे नांदत होती. त्यांनी हेन्रिक गावकोव्स्की या जुन्या इंजिनचालकाला शोधून काढले. गाड्या ट्रेब्लिंकात नेणारा तो हाच. एक इंजिन भाड्याने घेतले, म्हातारा त्यात चढला. मागे डबे नव्हते. स्थानक जवळ येताच तो खिडकीबाहेर झुकला, मागे वळून पाहू लागला आणि कोणी न सांगता त्याने गळ्यावरून बोट फिरविले. पस्तीस वर्षांपूर्वी डब्यातील माणसांना हीच खूण केली जात असे.

त्याहून अस्वस्थ करणारा प्रसंग हेल्मनोच्या चर्चबाहेरचा. शिमॉन स्रेब्निक हा त्या छावणीतून जिवंत सुटलेल्या मोजक्या माणसांपैकी एक. तेरा वर्षांचा असताना तो नदीतून नावेतून जाताना गाणी म्हणे, म्हणून जर्मनांनी त्याला काही काळ जिवंत ठेवला. 1945 च्या जानेवारीत त्याच्या डोक्यात गोळी घातली, तरी तो वाचला. इस्रायलमध्ये स्थायिक झालेल्या या माणसाला लांझमान परत त्या गावी नेतात. चर्चमध्ये सण आहे. ग्रामस्थ त्याला ओळखतात, त्याच्याभोवती गोळा होतात, त्याला पाहून आनंद झाल्याचे सांगतात. आणि हळूहळू बोलण्याच्या ओघात एक जण पुढे येतो. ज्यूंनी येशूला मारले, त्याचे रक्त आमच्या माथी असो असे ते स्वतःच म्हणाले होते, मग हे घडले, अशा अर्थाची कथा तो सर्वांसमोर सांगतो. गर्दीच्या मधोमध स्रेब्निक उभा आहे. त्याच्या चेहऱ्यावरचे ओशाळे हसू तसेच थिजलेले आहे. लांझमान काहीही भाष्य करीत नाहीत. कॅमेरा हलत नाही.

या चित्रपटावर आक्षेप घेतले गेले, आणि त्यांतील सगळेच दुर्लक्ष करण्याजोगे नाहीत. आब्राहाम बॉम्बा हा ट्रेब्लिंकात वायुकोठडीच्या आत स्त्रियांचे केस कापणारा न्हावी. लांझमान यांनी इस्रायलमध्ये केशकर्तनालय भाड्याने घेतले, एका माणसाला खुर्चीवर बसविले आणि केस कापताकापता बॉम्बाला बोलते केले. सहकारी न्हाव्याची बायको आणि बहीण आत आल्या, इथपर्यंत सांगून तो थांबतो. शब्द फुटत नाही. पुढे सांगू नका म्हणतो. लांझमान ऐकत नाहीत, ‘सांगावेच लागेल’ असे म्हणत राहतात. हे निर्दय नाही काय? आहे. पण बॉम्बा बोलला नसता, तर त्या दोन स्त्रियांचा शेवट कोणालाच कळला नसता. साक्षीदाराला वेदना न देता मिळणारी साक्ष बहुधा त्याने पूर्वीच पाठ केलेली असते. आणि बॉम्बाने अखेर सांगितले, ते स्वतःच्या इच्छेने.

दुसरा आक्षेप फसवणुकीचा. नाझी गुन्हेगार कॅमेऱ्यासमोर बोलायला तयार नव्हते. लांझमान यांनी खोटे नाव धारण केले, संशोधक असल्याची बतावणी केली, पिशवीत छोटा कॅमेरा दडवला. चित्र बाहेर उभ्या असलेल्या मोटारीत उमटत असे. ट्रेब्लिंकातील एसएस जवान फ्रान्झ झुखोमेल याला त्यांनी पैसे दिले, नाव उघड करणार नाही असा शब्दही दिला, आणि तो पाळला नाही. झुखोमेल छडी घेऊन छावणीचा नकाशा समजावून सांगतो, शिक्षकाने धडा शिकवावा तसा. कैद्यांकडून म्हणवून घेतलेले गाणेही तो म्हणून दाखवितो. दुसऱ्या एका नाझी अधिकाऱ्याच्या घरी हे बिंग फुटले, तेव्हा लांझमान यांना बेदम मार खाऊन रुग्णालयात पडावे लागले. खाटकाला दिलेला शब्द मोडल्याबद्दल ज्यांना हळहळ वाटते, त्यांनी ती खुशाल वाटून घ्यावी. त्या खाटकाने ‘अंघोळीला चला’ असे सांगून किती जणांना आत नेले, याचा हिशेब आधी मांडावा. या प्रकरणी लांझमान यांचे पारडे निःसंशय जड आहे.

पोलंडविषयीचा आक्षेप मात्र वजनदार आहे. चित्रपट प्रदर्शित होताच पोलंडच्या तत्कालीन कम्युनिस्ट सरकारने निषेध नोंदविला. सरकारचे हेतू सोडून द्यावेत, पण ज्यूंना लपविणारे, त्यापायी प्राण गमावणारे पोलिश लोक चित्रपटात जवळजवळ दिसत नाहीत, हे खरे. जेरुसलेमच्या याद वाशेम संस्थेने गौरविलेल्या बिगरज्यू रक्षणकर्त्यांत पोलंडचे सात हजारांहून अधिक लोक आहेत, कोणत्याही देशापेक्षा जास्त. लांझमान यांनी हा भाग वगळला. स्वतःच्या कृतीविषयीचा त्यांचा अहंकारही प्रसिद्ध होता. वायुकोठडीतील मृत्यूची प्रत्यक्ष चित्रफीत सापडली तर आपण ती नष्ट करू, असे त्यांनी 1994 मध्ये लिहिले. पुरावा नष्ट करण्याची ही भाषा त्यांच्यासारख्याच्या तोंडी शोभत नाही. तिच्यामागची तळमळ कळते, तरीही शोभत नाही.

कारण पुरावा नाकारणारे तेव्हा त्यांच्याच देशात उजळ माथ्याने वावरत होते. 1978 च्या डिसेंबरात ‘ल माँद’ या प्रतिष्ठित दैनिकाने रोबेर फोरिसाँ नामक प्राध्यापकाचे पत्र छापले. वायुकोठड्या ही अफवा आहे, असे त्याचे म्हणणे. त्याचे लेखन प्रसिद्ध करणारी प्रकाशनसंस्था नाझीपंथी नव्हे, तर अतिडाव्या गोटातून आलेली होती, हे विशेष. लांझमान तेव्हा चित्रीकरणाच्या ऐन भरात होते. हाच फोरिसाँ 2006 च्या डिसेंबरात तेहरानमध्ये इराण सरकारने भरविलेल्या परिषदेत सन्मानाने मिरवत होता. ‘शोआ’मध्ये या लोकांचे नावही नाही. त्यांच्याशी वाद घालणे म्हणजे त्यांना प्रतिपक्षाची खुर्ची देणे. लांझमान यांनी मारणारा, पाहणारा आणि वाचलेला, तिघांनाही वेगवेगळे बोलते केले. तिघांचे तपशील एकमेकांशी जुळतात. हे उत्तर फोरिसाँच्या हयातीत त्याला खोडता आले नाही.

पुढील कारकीर्द उंचसखल आहे. इस्रायली सैन्यावरचा ‘त्साहाल’ (1994) सुमारे पाच तासांचा आहे, पण त्यात प्रश्न कमी आणि कौतुक जास्त. उत्तर कोरियावरचा ‘नापाम’ (2017) हा म्हाताऱ्याने तारुण्यातील प्रेमप्रकरण आठवण्यापलीकडे फारसा जात नाही. मात्र ‘शोआ’त न वापरलेल्या मुलाखतींतून त्यांनी जे चित्रपट उभे केले, ते मोलाचे. रेड क्रॉसचा प्रतिनिधी मोरिस रोसेल 1944 च्या जूनमध्ये तेरेझिनश्टाटला गेला, रंगरंगोटी केलेला तो देखावा पाहून अनुकूल अहवाल देऊन परतला, आणि 1979 मध्येही आपला अहवाल योग्यच होता असे म्हणत राहिला. निःपक्षपाती निरीक्षकांचे इतके नेमके चित्र अन्यत्र क्वचितच सापडेल. ‘सोबिबोर’ (2001) याच्या उलट. 14 ऑक्टोबर 1943 रोजी दुपारी चार वाजता सोबिबोरच्या कैद्यांनी उठाव केला. योजना जर्मनांच्या वक्तशीरपणावर बेतली होती. कोट बेतायला अधिकारी ठरल्या वेळी शिंप्याकडे येणार, आणि कुऱ्हाड तयार असणार. येहुदा लेर्नर या सोळा वर्षांच्या मुलाने ती चालविली. ज्यू मुकाट्याने मरणाकडे चालत गेले, हा अपसमज लांझमान यांना फार सलत असे. त्या चित्रपटाच्या अखेरीस ते सोबिबोरला आलेल्या गाड्यांची यादी स्वतःच्या आवाजात वाचून दाखवितात, गावामागून गाव, आकड्यामागून आकडा.

2013 मध्ये बर्लिन चित्रपट महोत्सवाने त्यांना सन्मानाचे सुवर्ण अस्वल दिले. 1949 मध्ये ज्या शहरात त्यांनी ज्यूद्वेषावर वर्ग घेतले, तेच हे शहर. त्याच वर्षी ‘ल दर्निए दे-झँझुस्त’ आला. तेरेझिनश्टाटच्या ज्यू मंडळाचा अखेरचा प्रमुख बेन्यामिन मुर्मेलश्टाइन याला अनेक ज्यू देशद्रोह्यासारखे मानत. 1975 मध्ये रोममध्ये लांझमान यांनी त्याचे म्हणणे ऐकून घेतले होते. ते त्यांनी 38 वर्षे जपून ठेवले आणि अखेर जगापुढे आणले. आपल्याच समाजाने ज्याला आरोपी ठरविले, त्याचीही बाजू इतक्या संयमाने मांडणारा माणूस केवळ प्रचारक होता, असे म्हणणे कठीण आहे.

4 जुलै 2018 रोजी त्यांचा अखेरचा चित्रपट, चार वाचलेल्या स्त्रियांच्या मुलाखतींचा ‘ले कात्र सर’, फ्रान्समध्ये प्रदर्शित झाला. दुसऱ्या दिवशी, 5 जुलैला, वयाच्या 92 व्या वर्षी लांझमान पॅरिसमध्ये निवर्तले. पुढील वर्षी ‘ले ताँ मॉदेर्न’ही बंद पडले. 2023 मध्ये युनेस्कोने ‘शोआ’ आणि त्यासाठी केलेल्या मुलाखतींचे ध्वनिमुद्रण जागतिक स्मृतिवारशाच्या सूचीत समाविष्ट केले. वापरात न आलेले दोनशे तासांहून अधिक चित्रण वॉशिंग्टनच्या होलोकॉस्ट संग्रहालयात आहे. त्यात बोलणारी बहुतेक माणसे आता हयात नाहीत. झुखोमेल तर चित्रपट प्रदर्शित होण्यापूर्वीच मेला. त्याचा छडी धरलेला हात नकाशावर अजून फिरतो आहे.